ऑस्कर हॅमरस्टीन : गाणं गोष्टीत मुरवणारा नाटककार

पडद्यामागून

२०२३ च्या मे महिन्यात बीकेसीतल्या नीता मुकेश अंबानी कल्चरल सेंटरमध्ये 'द साउंड ऑफ म्युझिक'चा प्रयोग पाहिला. शेवटाकडे गोष्टीतला ऑस्ट्रियन कॅप्टन गिटार घेऊन त्या पांढऱ्या डोंगरी फुलाचं गाणं म्हणतो. शेजारचे काका बायकोला हळूच म्हणाले, "अगं, हे त्यांच्याकडचं लोकगीत आहे." मलाही वर्षानुवर्षं तसंच वाटत होतं. घरी येऊन वाचायला बसले तर कळलं की ऑस्ट्रियाशी त्या गाण्याचा संबंध फक्त फुलापुरता. १९५९ मध्ये बॉस्टनला नाटकाचे सुरुवातीचे प्रयोग चालू असताना ऑस्कर हॅमरस्टीन नावाच्या चौसष्ट वर्षांच्या न्यूयॉर्ककराने ते लिहिलं. तेव्हापासून मी या माणसाच्या मागे लागले आहे. मराठीत त्याच्याबद्दल फारसं वाचायला मिळालं नाही, म्हणून हा धागा.

त्याच्या नावापुढे 'दुसरा' लावतात, कारण पहिले ऑस्कर हॅमरस्टीन म्हणजे त्याचे आजोबा. सिगार वळायच्या यंत्रांच्या पेटंटवर पैसा मिळवायचा आणि तो ऑपेराची थिएटरं बांधण्यात घालवायचा, हा त्यांचा खाक्या. वडील थिएटर चालवायचे, पण पोरानं या धंद्यात पडू नये असं त्यांना वाटे. म्हणून ऑस्कर कोलंबिया विद्यापीठात कायदा शिकायला गेला. वडील १९१४ साली वारले. पुढे त्यानं कायदा सोडला आणि निर्माता असलेल्या काकाकडे स्टेज मॅनेजर म्हणून लागला. तिथे ऑटो हारबाख या वयाने बावीस वर्षं मोठ्या लेखकाबरोबर लिहिताना तो एक गोष्ट शिकला: आधी संहिता पक्की करायची, गाण्यांना मग हात घालायचा.

त्या काळी न्यूयॉर्कच्या ब्रॉडवे या नाट्यगृहांच्या भागातल्या संगीत नाटकात गोष्ट म्हणजे गाणी टांगायची खुंटी होती. नाच, विनोद, सुंदर पोरी आणि मधूनमधून चार संवाद. २७ डिसेंबर १९२७ ला 'शो बोट' आलं आणि या पद्धतीला पहिला मोठा तडा गेला. कादंबरी एडना फर्बरची, संगीत जेरोम कर्नचं, संहिता आणि गीतं हॅमरस्टीनची. मिसिसिपी नदीवरून गावोगाव फिरणारी एक नाटकाची बोट आणि तिच्यावरच्या माणसांची चाळीस वर्षं. ज्युली ही बोटीवरची मुख्य नटी. ती गोरी म्हणून वावरते, पण तिच्या अंगात काळ्या पूर्वजांचं रक्त आहे हे उघडकीला येतं. गोऱ्या नवऱ्याबरोबरचं तिचं लग्न तिथल्या कायद्यानं गुन्हा ठरतं आणि तिला बोट सोडावी लागते. करमणुकीला आलेल्या प्रेक्षकांना १९२७ साली हे दाखवायचं, यासाठी छाती लागते.

यातलं नदीचं गाणं गोदीत ओझी वाहणारा जो म्हणतो. त्यात यमकं फार कमी आहेत आणि शब्द पुन्हा पुन्हा तेच येतात. हॅमरस्टीननं हे जाणून केलं होतं. हमालाच्या तोंडी चमकदार यमकं घातली तर ऐकणाऱ्याला लेखक दिसेल, हमाल दिसणार नाही, असा त्याचा विचार.

त्यानंतर १९३२ च्या 'म्युझिक इन द एअर'पर्यंत बरं चाललं आणि पुढची दहा वर्षं रंगभूमीवर आपटीमागून आपटी. १९३९ चं 'व्हेरी वॉर्म फॉर मे' ५९ प्रयोगांत बंद पडलं. त्यातलं एक गाणं आजही जॅझवाले जीव टाकून वाजवतात, पण नाटक काही वाचलं नाही. हॅमरस्टीन संपला, असं धंद्यातले लोक बोलायला लागले होते.

तेवढ्यात संगीतकार रिचर्ड रॉजर्सनं विचारलं. त्याचा जुना जोडीदार लॉरेन्झ हार्ट दारूत बुडत चालला होता आणि शेतकरी-गुराख्यांच्या गोष्टीत त्याला रस नव्हता. ३१ मार्च १९४३ ला 'ओक्लाहोमा!' आलं. पडदा उघडतो तेव्हा रंगमंचावर घोळका वगैरे काही नाही. एक म्हातारी बाई लोणी काढत बसलीये आणि विंगेतून एका गुराख्याचा आवाज येतो, सकाळ किती सुंदर आहे हे सांगणारा. झालं, एवढीच सुरुवात! २,२१२ प्रयोग झाले. तो उच्चांक १९६१ पर्यंत टिकला.

या यशानंतर त्यानं जे केलं त्यामुळे तो मला फार आवडायला लागला. जानेवारी १९४४ मध्ये 'व्हरायटी' या नाटक-सिनेमाच्या साप्ताहिकात त्यानं पदरचे पैसे घालून जाहिरात दिली. 'ओक्लाहोमा!'चा त्यात उल्लेखही नाही. आपली पडलेली नाटकं आणि ती किती आठवडे चालली एवढंच छापलं: हे सहा आठवडे, हे सात, हे तीन. मथळा असा, की मी हे आधीही केलंय आणि पुन्हाही करू शकतो.

बाकीचं प्रतिसादांत लिहीन. कुणी त्याची नाटकं प्रत्यक्ष पाहिली असतील तर जरूर सांगा.


नांदी

ताई, सुंदर धागा. एक शंका. आधी शब्द की आधी चाल?

आमच्याकडे जुन्या संगीत नाटकांची पुस्तकं होती. प्रत्येक पदाच्या डोक्यावर 'चाल' म्हणून कुठल्यातरी आधीच्या पदाचा नाहीतर बंदिशीचा मुखडा छापलेला असे. म्हणजे चाल हजर, शब्द तिच्यात बसवायचे. यांच्याकडे कसं होतं?


पडद्यामागून

नांदीकाका, अगदी मर्मावर बोट ठेवलंत. १९४३ पर्यंत त्यांच्याकडेही बहुतेक तसंच होतं. कर्न चाल द्यायचा, हॅमरस्टीन तिच्यात शब्द बसवायचा. हार्टलाही रॉजर्सच्या तयार चालीवर लिहायची सवय होती. 'ओक्लाहोमा!'पासून मात्र उलटं झालं. हॅमरस्टीन आधी पूर्ण गीत लिहायचा आणि रॉजर्स नंतर चाल लावायचा. लिहिताना ऑस्कर मनातल्या मनात स्वतःचीच एक कामचलाऊ चाल गुणगुणायचा, ती मात्र रॉजर्सला ऐकवायचा नाही.

त्या सकाळच्या गाण्यावर त्यानं तीन आठवडे घालवले. रॉजर्सची चाल दहा मिनिटांत तयार! त्यात मक्याची उंची सांगताना हत्तीच्या डोळ्यांची उपमा येते. आधी तिथे घोड्याचा डोळा होता. मग त्यानं शेजारच्या शेतात जाऊन पाहिलं, तर मका ऑगस्टअखेरच घोड्याच्या वर गेलेला. म्हणून हत्ती आला.

पेनसिल्व्हेनियात डॉइल्सटाउनजवळ त्याचं शेत होतं. तिथे तो उभ्यानं लिहायचा, उंच मेजावर. ते मेज कर्नकडून मिळालेलं.

आणखी एक कसब सांगते. नायक-नायिकेची पहिली भेट, म्हणजे प्रेमगीत हवंच. पण ओळख पाच मिनिटांची. मग त्यांनी प्रेम कबूल कसं करायचं? 'शो बोट'मध्ये दोघं प्रेमात असल्याचं सोंग घेऊन गातात. 'ओक्लाहोमा!'त एकमेकांना बजावतात, अमुक करू नकोस, तमुक करू नकोस, लोकांना वाटेल आपलं जमलंय. आणि १९४५ च्या 'कॅरोसेल'मध्ये ज्युली आणि बिली 'समजा मी तुझ्यावर प्रेम केलं असतं तर' एवढ्यावरच अख्खा प्रसंग उभा करतात. ज्युली गिरणीत काम करणारी, बिली जत्रेतल्या लाकडी घोड्यांच्या चक्रावर लोकांना बोलावणारा. दोघांनाही मनातलं बोलायची सवय नाही. त्या 'तर'च्या आडून ते सगळं सांगून टाकतात, आणि आयुष्यात सरळ कधी म्हणत नाहीत. बिली मेल्यावर हे आठवतं तेव्हा घशात आवंढा येतो.


ओसरी

वाचतोय. पुढच्या भागाच्या प्रतीक्षेत.

नदीच्या गाण्याबद्दल थोडी भर. पॉल रोबसन या काळ्या अमेरिकन गायक-नटानं ते १९२८ मध्ये लंडनच्या प्रयोगात आणि १९३६ च्या सिनेमात गायलं आणि ते त्याचंच होऊन गेलं. पुढे तो आपल्या जलशांतून त्याचे शब्द बदलून गायला लागला. थकलेला, मरणाला भ्यालेला हमाल काढून टाकला आणि लढत राहणारा माणूस आणला. भूपेन हजारिका कोलंबियाला शिकत होते तेव्हा त्यांची रोबसनशी भेट झाली. त्या गाण्यावरून त्यांनी ब्रह्मपुत्रेकाठचं असमिया गाणं केलं आणि त्याचंच हिंदी रूप म्हणजे आपण सगळ्यांनी ऐकलेलं गंगेला जाब विचारणारं गाणं. हॅमरस्टीनही कोलंबियाचाच. एका हमालाच्या तोंडची तक्रार मिसिसिपीवरून ब्रह्मपुत्रा आणि तिथून गंगेपर्यंत आली.


मधली_रांग

धागा आवडला, पण माझं मत वेगळं आहे आणि ते स्पष्ट लिहिते.

हॅमरस्टीनच्या नाटकांत साखर जास्त आहे. 'कॅरोसेल'मध्ये बिली बायकोला मारतो. शेवटी मुलगी आईला विचारते, जोरात मारलेलं असूनही लागत नाही असं होऊ शकतं का, आणि आई हो म्हणते. संगीत कितीही गोड असो, हे मला गिळवत नाही.

'द किंग अँड आय' (१९५१) तर त्याहून अवघड. एक इंग्रज बाई सयामच्या, म्हणजे आजच्या थायलंडच्या, राजवाड्यात जाते आणि राजाला माणुसकी शिकवते. राजा अर्धा पोरकट, अर्धा रानटी. यावरच्या १९५६ च्या सिनेमावर थायलंडनं बंदी घातली, त्यांचा राग मला समजतो. ज्या माणसानं 'शो बोट' लिहिलं त्याला हे कसं दिसलं नाही?


जर्सीवाला

मधली_रांग, 'कॅरोसेल'च्या त्या प्रसंगाबद्दल पूर्ण सहमत. ते वाक्य मलाही खुपतं.

पण साखरेबद्दल थोडं. मी इकडे २०१९ मध्ये 'ओक्लाहोमा!'चं नवं रूप पाहिलं, दिग्दर्शक डॅनियल फिश. प्रेक्षागृहातले दिवे चालूच, मध्यंतरात प्रेक्षकांना चिली नावाचा रस्सा आणि मक्याचा पाव वाढतात. वाटलं, मस्त गावजेवण आहे. मग शेवट येतो. नायकाच्या हातून जड मरतो. जड म्हणजे शेतावरचा गडी, कुणालाच नको असलेला. लग्नाच्या रात्रीच तिथल्या तिथे खटला उरकतात आणि नायकाला सोडून देतात, कारण त्याला मधुचंद्राला जायचंय. संवाद तेच, १९४३ चे. मला वाटलं होतं दिग्दर्शकानं यात काहीतरी घातलं असणार. घरी येऊन मूळ संहिता वाचली, तर सगळं तिथेच होतं. इतकी वर्षं आपण चालींच्या नादात पुढे सरकत होतो.

'साउथ पॅसिफिक'ही (१९४९) पाहा. त्यात एक तरुण लेफ्टनंट मिनिटभराचं गाणं म्हणतो: द्वेष जन्मतः येत नाही, सहा-सात-आठ वर्षांचे होण्याआधीच तो आपल्याला नीट शिकवला जातो. हे गाणं काढा म्हणून खूप दबाव आला, रॉजर्स-हॅमरस्टीननं काढलं नाही. १९५३ मध्ये अमेरिकेतल्या जॉर्जिया राज्यातल्या आमदारांनी त्यावर आक्षेप घेतला. नाटकाला १९५० चं पुलित्झर पारितोषिक मिळालं. हॅमरस्टीननंच लेखिका पर्ल बक यांच्याबरोबर 'वेलकम हाउस' या दत्तक-संस्थेच्या उभारणीत हात दिला. मिश्र आशियाई वंशाच्या बाळांना तेव्हाच्या संस्था घ्यायला तयार नव्हत्या, त्यांच्यासाठी ती होती.


नगरी

मधली_रांग, तुम्ही 'एक इंग्रज बाई' म्हणालात तिथे मला बोलायलाच हवं, कारण ती बाई आमच्या गावची!

ॲना लिओनोवेन्स. जन्म १८३१, अहमदनगर (आता अहिल्यानगर). वडील कंपनी सरकारच्या फौजेत सार्जंट, तिच्या जन्माआधीच वारले. आजी बहुधा भारतीय किंवा मिश्र रक्ताची. लग्न १८४९ साली पुण्यात. नवरा वारल्यावर सिंगापूरला असताना तिनं स्वतःचा भूतकाळ नवा रचला: जन्म वेल्सचा, घराणं अधिकाऱ्याचं. १८६२ मध्ये ती बँकॉकला राजा मोंगकुतच्या दरबारी गेली ती हीच ओळख घेऊन. नगर-पुण्याचं नाव तिनं पुढे कधी घेतलं नाही. मिश्र रक्त कळलं असतं तर ती नोकरी तिला कुणी दिली नसती.

तिची पुस्तकं, त्यांवरून मार्गारेट लँडनची १९४४ ची कादंबरी, त्यावरून हॅमरस्टीनचं नाटक. जन्माची खरी नोंद अभ्यासकांच्या हाती लागली १९७० च्या दशकात. तोवर हॅमरस्टीन जाऊन बरीच वर्षं झाली होती.


पडद्यामागून

नगरी, अंगावर काटा आला. ही माहिती मला नव्हती.

म्हणजे १९२७ मध्ये त्यानं ज्युली लिहिली, गोरी म्हणून वावरणारी, रक्त लपवून जगणारी, पकडली गेलेली. आणि १९५१ मध्ये त्यानं दुसरी ज्युली लिहिली, पण ती आयुष्यात कधी पकडली न गेल्यामुळे त्याला ती ओळखताच आली नाही. नाटकात ॲना तरुण प्रेमिकांना उद्देशून एक गाणं म्हणते, आपल्या गेलेल्या नवऱ्याच्या आठवणीवर. ते गाणं लिहायला हॅमरस्टीनला कित्येक आठवडे लागले, बाई मनात शिरत नव्हती. आज ते ऐकताना मला पुण्यात लग्न झालेली अठरा वर्षांची मुलगी दिसणार.

मधली_रांग, तुमचा मुद्दा मात्र मला मान्य आहे. राजाचं चित्र एकांगी आहे. हॅमरस्टीनला वंशद्वेष कळत होता आणि तरी पूर्वेकडचा माणूस त्याच्या लेखणीत पुरता उतरला नाही.


मधली_रांग

नगरी, धन्यवाद. माझं मत बदललं नाही, पण आता ते नाटक पुन्हा बघायची इच्छा झाली आहे. ॲनाकडे बघेन.


शाईपेन

त्याचं सगळ्यात मोठं काम अजून कुणी लिहिलं नाही: त्यानं शिकवलेला मुलगा.

पुढे ब्रॉडवेचा मोठा संगीतकार-गीतकार झालेला स्टीफन साँडहाइम दहा वर्षांचा असताना आईवडिलांचा घटस्फोट झाला आणि आई त्याला घेऊन डॉइल्सटाउनला राहायला आली. हॅमरस्टीनचा मुलगा जिमी त्याच वयाचा. स्टीफन त्यांच्याच घरी पडून असायचा. पंधराव्या वर्षी शाळेसाठी त्यानं एक म्युझिकल लिहिलं आणि ऑस्करला म्हणाला, मला ओळखत नाही असं समजून वाच. दुसऱ्या दिवशी ऑस्करनं सांगितलं, मी आजवर वाचलेल्यांत हे सगळ्यात वाईट आहे. पोरगं हिरमुसलं. त्यावर तो म्हणाला, तुझ्यात गुण नाहीत असं मी म्हटलं नाही, हे वाईट आहे एवढंच म्हटलं, आता का ते बघू. मग पहिल्या रंगसूचनेपासून एकेक ओळ घेत अख्खी दुपार. त्या दुपारी जे शिकलो ते पुष्कळांना जन्मभरात मिळत नाही, असं साँडहाइम नेहमी सांगायचा.

मग चार म्युझिकल्सचा अभ्यास दिला. पहिलं, तुला आवडणाऱ्या चांगल्या नाटकावरून. दुसरं, तुला आवडतं पण ज्यात खोट आहे अशा नाटकावरून, आणि ती खोट दुरुस्त करायची. तिसरं, नाटक नसलेल्या कथेवरून किंवा कादंबरीवरून. चौथं, संपूर्ण स्वतःचं. साँडहाइमला हे पुरं करायला काही वर्षं लागली. १९५७ मध्ये आलेल्या 'वेस्ट साइड स्टोरी'ची नुसती गीतं लिहायला बोलावलं तेव्हा तो नाही म्हणत होता, त्याला संगीतही करायचं होतं. ऑस्करनंच त्याला घ्यायला लावलं.

पुढे याच शिष्यानं आपल्या पुस्तकात गुरूच्या गीतांची चिरफाड केली. 'द साउंड ऑफ म्युझिक'मधली प्रार्थना करायला शिकणाऱ्या चंडोलाची उपमा त्याला अजिबात पटलेली नाही. मला यात गुरूचाच विजय दिसतो. ओळ-ओळ तपासायची सवय त्यानंच लावली होती.


नांदी

शाईपेन, फार छान लिहिलंत. मी आणखी एक धागा जोडतो. शॉच्या 'पिग्मॅलियन'चं म्युझिकल करायचा प्रयत्न रॉजर्स-हॅमरस्टीननंही केला आणि सोडून दिला. हे होणार नाही, असं हॅमरस्टीननं गीतकार ॲलन जे लर्नरला सांगितलं. लर्नरनं १९५६ मध्ये 'माय फेअर लेडी' करून दाखवलं, आणि 'ओक्लाहोमा!'चा उच्चांक मोडणारं नाटक तेच. आपल्याकडे पुलंनी १९७५ मध्ये 'पिग्मॅलियन'वरून 'ती फुलराणी' केली. भक्ती बर्वेंचा प्रयोग मी पाहिलाय. नायिका मंजूचं ते स्वगत संपल्यावर थिएटर डोक्यावर घेतलं होतं लोकांनी. भाषेवरून माणसाची पायरी ठरते ही गोष्ट मराठीला इतकी आतून ठाऊक आहे, की तिथे वेगळ्या गाण्यांची गरजच पडली नाही.


खारीबिस्कीट

सगळे प्रतिसाद वाचले, खूप शिकायला मिळालं. पडद्यामागूनताई, त्या फुलाच्या गाण्याचं पुढे काय झालं ते राहिलंच की.


पडद्यामागून

हो, राहिलं होतं.

१९५९ च्या सप्टेंबरात, 'द साउंड ऑफ म्युझिक'च्या तालमी चालू असताना, ऑस्करला पोटाचा कर्करोग असल्याचं निघालं. शस्त्रक्रिया झाली. या नाटकाची संहिता त्याची नव्हती, लिंडसे आणि क्राऊस या जोडीची होती, त्याच्याकडे फक्त गीतं. बॉस्टनला प्रयोग चालू झाल्यावर लक्षात आलं की देश सोडण्याआधी कॅप्टनला निरोपाचं काहीतरी हवं. ते काम करणारा थिओडोर बिकेल स्वतः लोकगीतं गाणारा, गिटार वाजवणारा. ऑस्कर आजारातून उठून बॉस्टनला आला आणि ते गीत लिहिलं. छोटं, साधं, एका फुलाशी बोलणारं. देशाचा उल्लेख शेवटी येतो, तोही फक्त मायभूमी म्हणून. त्यानं लिहिलेलं हे शेवटचं गाणं. बिकेल सांगायचा, एकदा प्रयोगानंतर कुणीतरी त्याला म्हणालं होतं, हे गाणं मला फार वर्षांपासून माहीत आहे, पण जर्मनमध्ये. आमच्या रांगेतल्या काकांसारखंच.

१६ नोव्हेंबर १९५९ ला नाटक न्यूयॉर्कला उघडलं. पुढच्या उन्हाळ्यात त्यानं जवळच्या माणसांना जेवायला बोलावलं आणि प्रत्येकाला आपला फोटो दिला. साँडहाइमनं त्यावर सही मागितली. ऑस्करनं लिहिलं, स्टीव्हीला, माझ्या मित्राला आणि शिक्षकाला.

२३ ऑगस्ट १९६० ला डॉइल्सटाउनच्या शेतावर तो गेला. १ सप्टेंबरला रात्री नऊ वाजता टाइम्स स्क्वेअरचे दिवे एक मिनिट बंद ठेवले होते.


खारीबिस्कीट

धन्यवाद ताई. थोडं धाडस करून लिहिते. आमच्या सोसायटीतल्या मुलांचं नाटक दर गणपतीत मीच लिहिते, गाणी सिनेमाच्या चालींवर. यंदा शाईपेन यांनी सांगितलेला पहिला अभ्यास करून बघणार आहे. आवडतं नाटक ठरवलंय, दोन गाणी लिहूनही झाली, चालीशिवाय. कुणी वाचून ओळ-ओळ सांगेल का? वाईट असेल तर वाईट म्हणा.


पडद्यामागून

व्यक्तिगत निरोपातून पाठवा. रविवारी दुपारी वाचते, सगळी दुपार मोकळी आहे.


शाईपेन

मलाही पाठवा. रंगसूचनांसकट.